देव बहुतेक वेळा पाठमोराच दिसतो: नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी

आमच्या चर्चमध्ये नवीन आलेल्या लोकांबरोबर मी रविवारी उपासना झाली की अर्धा-पाऊण तास बसते, हातात चहाचे कप, मुलं मध्येच येऊन बिस्किटं पळवतात, आणि इतक्या वर्षांत मला सगळ्यात जास्त वेळा विचारलेला प्रश्न त्रैक्याचा, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव कसा याचा, नाही की बाप्तिस्म्याचा नाही. प्रश्न असा असतो की ताई, सगळे साक्षीला, म्हणजे आपला अनुभव सांगायला, उभे राहतात आणि म्हणतात प्रभू माझ्यासोबत होता, प्रभूने सांभाळलं, मग मला काहीच कसं जाणवत नाही, माझं काही चुकतंय का. विचारताना आवाज एकदम बारीक होतो, जणू फी न भरताच वर्गात येऊन बसलेत.

तर हे त्यांच्यासाठी लिहितेय. मी पाळक नाही, सेमिनरीत गेलेली नाही, पुण्यात खराडीला एका ऑफिसात अकाउंट्स बघते. जन्माने ख्रिस्तीच, माहेर नगरकडचं, म्हणजे संडे स्कूल, नाताळचं नाटक, सुगीच्या सणाला भोपळ्याचा लिलाव, सगळं लहानपणीच होऊन गेलेलं, तरी हा प्रश्न मलाही पस्तिशीपर्यंत होताच, फक्त जन्माने ख्रिस्ती असल्यामुळे विचारायची लाज वाटायची. खाली जे सांगतेय ते करायला दिवसाला पंधरा-वीस मिनिटं पुरतात, त्याहून जास्त सुरुवातीला करूच नका, कारण नवीन माणूस पहिल्या आठवड्यात पहाटे चारला उठतो आणि दुसऱ्या आठवड्यात गायब होतो, हे मी खूप वेळा बघितलंय.

आधी एक अपेक्षा बाजूला ठेवा

अंगावर काटा येईल, डोळ्यांत पाणी येईल, छातीत ऊब वाटेल, म्हणजे देव आला, असं डोक्यात बसलेलं असतं. येतं असं कधीकधी, मी नाही म्हणत नाही. पण ते मोजमाप धरलंत तर वर्षातले साडेतीनशे दिवस देव गैरहजर लागेल.

बायबलमध्ये बघा ना. निर्गमच्या 33व्या अध्यायात मोशे देवाला म्हणतो की मला तुझं तेज दाखव. देव त्याला खडकाच्या कपारीत उभं करतो, जवळून जाताना हाताने झाकतो, हात काढतो तेव्हा मोशेला दिसते ती पाठ. फक्त पाठ, आणि हा माणूस मोशे आहे, आपण तर आत्ता कुठे गाणी शोधताना पानं उलटायला शिकतोय. उत्पत्तीच्या 28व्यात याकोब भावाला फसवून पळालाय, उशाला दगड घेऊन उघड्यावर झोपलाय, आणि जाग आल्यावर म्हणतो की देव इथे होता आणि मला माहीतच नव्हतं. लूकच्या शेवटच्या अध्यायात येशूचे दोन शिष्य, तो क्रूसावर गेल्यावर, अम्माऊस गावाला चाललेत, यरुशलेमपासून साधारण अकरा किलोमीटर, म्हणजे आपलं स्वारगेटहून खराडीकडे चालत निघाल्यासारखं धरा, मेलेल्यांतून उठलेला येशू अख्खा रस्ता बरोबर चालतो, बोलतो, आणि ओळख कधी पटते तर घरी पोचून भाकर मोडली तेव्हा, आणि पटली की लगेच तो दिसेनासा होतो. मग ते एकमेकांना म्हणतात, अरे वाटेत तो बोलत होता तेव्हा आपल्या आत काहीतरी पेटत होतं की नाही?

तिन्ही गोष्टींत कळतं ते नंतर. त्या क्षणी याकोबाला थंडी वाजत असेल आणि त्या दोघांचे पाय दुखत असतील, बस. म्हणून आपण जे शिकणार आहोत ते आत्ता या मिनिटाला काहीतरी वाटून घ्यायचं नाहीये, मागे वळून बघायचं शिकायचंय. बाकी सगळं त्याच्या आजूबाजूचं.

रात्रीची वही, पाच मिनिटं

हीच खरी पायरी, म्हणून इथे जरा लांबण लावते.

एक साधी वही घ्या, दोनशे पानी, अप्पा बळवंत चौकात कुठेही मिळते. मोबाईलवर लिहू नका. मी दोन वेळा प्रयत्न केला, दोन्ही वेळा नोट्स उघडायला गेले आणि सोसायटीच्या ग्रुपवर पाण्याच्या टँकरचं भांडण वाचत बसले. वही उशाशी ठेवायची, पेन वहीतच अडकवून, कारण पेन शोधायला उठलं की संपलं.

झोपायच्या आधी सकाळपासूनचा दिवस एकदा डोळ्यासमोरून न्यायचा, घाई न करता, उठले, दूध आलं, बस पकडली, ऑफिस, जेवण, कोणाचा फोन, परत. आणि तीनच गोष्टी लिहायच्या. आज मला काय मिळालं जे मी कमावलं नव्हतं. आज मी कुठे वाकडी वागले. उद्याचं काय जड वाटतंय. एकेक ओळ पुरे, मग एकच वाक्याची प्रार्थना, प्रभू हे तुझ्याकडे, आमेन, दिवा बंद.

ही काही माझ्या डोक्यातून आलेली कल्पना नाही. सोळाव्या शतकात इग्नेशियस लोयोलाने, म्हणजे कॅथलिकांतला जेझुइट संघ ज्याने सुरू केला त्याने, दिवस तपासायची पद्धत घालून दिली, पाच टप्प्यांची, आणि त्यात पहिला टप्पा उपकार मानायचा आहे, चुका मोजायचा नंतर येतो. हा क्रम फार महत्त्वाचा आहे. आपल्याकडे आत्मपरीक्षण म्हटलं की लोक थेट पापाच्या यादीवर जातात आणि आठवड्याभरात वही नकोशी होते. नगर रोडच्या बाजूला जेझुइट फादरांच्या संस्था आहेत, तिकडच्या कोणा फादरांना विचारलंत तर ते तुम्हाला हे माझ्यापेक्षा नीट समजावतील, आणि तुम्ही कॅथलिक नसलात तरी काही बिघडत नाही, मी पण नाहीये.

माझ्या वहीतल्या काही ओळी देते, म्हणजे काय लिहायचं याची भीती जाईल:

मंगळवार. येरवड्याच्या सिग्नलला पाऊण तास. खूप चिडचिड. बसमध्ये एका आजींनी सरकून जागा दिली, मी थँक्यू पण म्हटलं नाही.

बुधवार. काही नाही. झोप येतेय.

गुरुवार. साहेबांना म्हटलं फाइल पाठवलीय. पाठवली नव्हती. संध्याकाळी पाठवली. उद्या खरं सांगायचं, पोटात गोळा आलाय.

शुक्रवार. सांगितलं. हसले ते.

बुधवारसारखी ओळ आली तरी चालते, मुद्दाम दाखवलीय. काही नाही हे लिहिणंसुद्धा देवाला खरं सांगणंच आहे. आणि गंमत अशी की मंगळवारच्या ओळीत मला त्या रात्री देवबिव काही दिसला नव्हता, दोन महिन्यांनी पानं चाळताना लक्षात आलं की अशा सरकून जागा देणाऱ्या आजी माझ्या वहीत अकरा वेळा येऊन गेल्यात, वेगवेगळ्या रूपात, कधी वॉचमन काका, कधी ऑफिसातली ज्युनिअर मुलगी, कधी नणंद, जिच्याशी माझं फारसं पटत नाही. एक ओळ म्हणजे योगायोग, पण अकरा ओळी एकाखाली एक वाचल्या की माणूस जरा गप्प होतो.

महिनाभर तरी मागची पानं वाचू नका. रोज उगवलं का बघायला माती उकरली तर मेथीसुद्धा येत नाही.

सकाळी थोडंसंच

मान्न्याची गोष्ट माहीत असेल, निर्गम 16. रानात सकाळी जमिनीवर काहीतरी पांढरं बारीक पडलेलं, लोकांनी एकमेकांना विचारलं हे काय आहे, आणि तो प्रश्नच त्या अन्नाचं नाव झाला. रोज माणशी ठरलेलं माप गोळा करायचं, शब्बाथाच्या, म्हणजे विसाव्याच्या दिवसाच्या, आदल्या दिवशी दुप्पट, आणि एरवी ज्यांनी उद्यासाठी साठवलं त्यांच्या साठ्यात किडे पडले, वास सुटला. मला ही गोष्ट सकाळच्या वाचनासाठी फार बरोबर वाटते, रोजचं रोज आणि पोटापुरतं.

सुरुवात मार्कच्या शुभवर्तमानाने करा, चारही शुभवर्तमानांत सगळ्यात छोटं, 16 अध्याय, रोज अर्धा अध्याय वाचलात तरी महिन्याभरात होतं. त्याच्या जोडीला एक स्तोत्र. स्तोत्रं 150 आहेत, लांब असेल तर अर्धंच वाचा, 119वं आलं की घाबरू नका, त्याचे तुकडेच आहेत. उत्पत्तीपासून सलग वाचायचा उत्साह धरू नका प्लीज, बरेच जण लेवीयच्या जवळपास अडकतात आणि परत कधी उघडत नाहीत.

मोठ्याने वाचा, हळू आवाजात का होईना. वाचून झालं की एक ओळ निवडा जी अडकली, पटली म्हणून किंवा खटकली म्हणूनही, आणि ती घेऊन बाहेर पडा. भाषा जुनी वाटते ही तक्रार मी नेहमी ऐकते. सोपी भाषांतरं आता मोबाईलवर मिळतात, बिनधास्त वापरा, पण कधीतरी जुनंही उघडून बघा. पंडिता रमाबाईंनी केडगावला बसून मूळ हिब्रू आणि ग्रीकवरून अख्खं बायबल मराठीत आणलं, 1922 मध्ये त्या गेल्या तोवर ते काम चालू होतं, आणि हे सगळं कशाच्या मध्ये, तर 1896 आणि 97 च्या दुष्काळात उपाशी मुली-बायका शेकड्याने आणून सांभाळल्या होत्या, त्यांची जेवणं, शाळा, आजारपणं याच्या मध्ये. पुण्याहून दौंडच्या रेल्वेने केडगाव लागतं, मुक्ती मिशन अजून आहे तिथे. मला सकाळी वीस मिनिटं मिळत नाहीत असं वाटलं की मी त्यांची आठवण काढते आणि मग जरा शरमते.

रस्त्यावर आणि ओट्यापाशी

बायबलमधल्या एका पत्रात प्रेषित पौल लिहितो की निरंतर प्रार्थना करा, आणि नवीन माणूस म्हणतो हे तर साधूंचं काम, मी दिवसभर कॉलवर असते. इथे मराठी माणसाला खरं तर सोपं जायला पाहिजे, कारण आपल्या घरांत नामस्मरण कोणाला नवीन आहे? माझ्या एका मैत्रिणीची आजी वारकरी, दळताना विठ्ठल, निवडताना विठ्ठल, मैत्रीण ख्रिस्ती विश्वासात आल्यावर मला म्हणाली की मला प्रार्थना पुस्तकातून कळलीच नाही, आजीच्या ओठांकडे बघून कळली. रेव्हरंड नारायण वामन टिळकांनी हे शंभर वर्षांपूर्वीच ओळखलं होतं, त्यांचा बाप्तिस्मा 1895 चा, आणि ते आपला अभंग, आपलं भजन, आपलं कीर्तन घेऊन ख्रिस्ताकडे आले, ते बाहेर ठेवून आले नाहीत. मराठी उपासनेत आजही त्यांची गाणी गातात.

तर एक छोटं वाक्य ठरवा. प्रभू येशू, माझ्यावर दया कर. किंवा नुसतं, तू आहेस. आणि त्याला दिवसातल्या एखाद्या गोष्टीला बांधून टाका, नाहीतर आठवत नाही. माझं सिग्नलला बांधलेलं आहे, लाल दिवा लागला की वाक्य, आणि पुण्यात राहत असल्यामुळे माझी प्रार्थना दिवसात भरपूर होते. कोणी लिफ्टला बांधतं, कोणी कुकरच्या शिट्टीला. एक काका रिक्षा चालवतात, ते मीटर टाकताना बसलेल्या पॅसेंजरसाठी मनात प्रार्थना करतात, नाव माहीत नसतं, कुठे उतरणार एवढंच माहीत असतं.

पॅरिसच्या एका मठात सतराव्या शतकात ब्रदर लॉरेन्स नावाचा एक साधा माणूस होता, वर्षानुवर्षं स्वयंपाकघरात राबला, पुढे जोडे दुरुस्त करायचा, आणि त्याचं म्हणणं असं की भांड्यांच्या गडबडीत मला देव तितकाच जवळ असतो जितका प्रार्थनेला गुडघ्यावर असताना. मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मनात आलं की मठातल्या स्वयंपाकघरात सासूबाई नव्हत्या. पण करून बघितलं. भाकरी थापताना वाक्य म्हणायला लागले. पहिले पंधरा दिवस फक्त भाकऱ्या वाकड्या झाल्या. मग कधीतरी लक्षात आलं की त्या वेळात मी मनातल्या मनात भांडणं करायची बंद झालेय.

मन भटकतं, भटकणारच. आठवलं की परत या. स्वतःला ओरडत बसू नका, तेवढ्या वेळात दुसरं वाक्य म्हणून होतं.

रविवारी पळू नका

घरी बसून ऑनलाइन उपासना बघणाऱ्यांना मला एवढंच विचारायचंय की तुमचा चेहरा उतरलाय हे स्क्रीनला कळतं का?

पुण्यात चर्चची कमी नाही. गुरुवार पेठेत पंचहौदचं पवित्र नाम देवालय आहे, 1885 चं, त्याचा घंटांचा मनोरा देवळापासून सुटा उभा आहे, कॅम्पात सेंट मेरीज आहे 1825 चं, क्वार्टर गेटजवळ कॅथलिकांचं सिटी चर्च, त्याला जागा पेशवाईत मिळालेली, आणि शिवाय गल्लोगल्ली हॉलमध्ये, शाळेच्या वर्गात, कोणाच्या तरी गच्चीवर भरणाऱ्या मंडळ्या. मराठी उपासना कुठे आणि किती वाजता ते आधी जाऊन विचारा, काही ठिकाणी सकाळी इंग्रजी आणि नंतर मराठी असं असतं. तीन-चार रविवार वेगवेगळीकडे जाऊन बघितलंत तरी चालेल, मग एका ठिकाणी टिका. दर महिन्याला चर्च बदलणाऱ्याला कोणी ओळखत नाही, आणि ओळखत नाही म्हणजे आजारी पडल्यावर कोणी येत नाही.

आशीर्वचन झालं की चप्पल घालून पळायचं नाही, ही पायरी वाटते क्षुल्लक पण वहीच्या खालोखाल मी हिलाच मानते. दहा मिनिटं थांबा. एका माणसाला नाव विचारा. आणि एका माणसाला, फक्त एकाला, तुमची एक खरी अडचण सांगा, घरमालक डिपॉझिट देत नाहीये, आईचा रिपोर्ट यायचाय, नोकरीत प्रोबेशन वाढवलंय, असं काहीतरी. देवाने काळजी घ्यावी असं आपल्याला वाटत असतं आणि आपली अडचण मात्र कोणालाच कळू द्यायची नसते, मग ती काळजी यायची कुठल्या दारातून? आपण पुणेकर तर विचारल्याशिवाय कोणाच्या घरी जात नाही.

काहीच नसतं तेव्हा

सहा वर्षांपूर्वी माझे वडील नऊ दिवस आयसीयूत होते. हॉस्पिटलचं नाव राहू दे. मी तिथल्या प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून तेविसावं स्तोत्र म्हणायची आणि शब्द नुसते तोंडातून पडायचे, मला वर कोणी आहे असं एकदाही वाटलं नाही, एकदाही नाही. वडील दहाव्या दिवशी पहाटे गेले. चर्चमधले एक भाऊ सांत्वनाला आले आणि म्हणाले विश्वास कमी पडला असेल, आणि त्यांच्या हातातला चहाचा कप काढून घ्यावासा वाटला मला.

त्या दिवसांत वही बंद होती. नंतर कधीतरी मी त्या नऊ दिवसांचं आठवून लिहून काढलं, नुसतं काय झालं तेवढं. त्यात असं निघालं की रोज संध्याकाळी सातला आमच्या महिला समाजातल्या कोणी ना कोणी डबा घेऊन आल्या होत्या, नऊच्या नऊ दिवस, त्यांनी आपापसात वार वाटून घेतले होते आणि मला सांगितलंही नव्हतं. एक मावशी तर काही न बोलता बाजूला बसायच्या, विणकाम करत. मी तो डबा खात होते आणि देव कुठे आहे म्हणून विचारत होते.

एलीया संदेष्ट्याचंही तसंच आहे, बायबलमधल्या पहिले राजे या पुस्तकाचा 19वा अध्याय. घाबरून रानात पळालेला, झुडपाखाली पडून म्हणतो आता पुरे, मला मरू दे. देवदूत येतो तो उपदेश करत नाही. निखाऱ्यावर भाजलेली भाकर आणि पाण्याचं भांडं, ऊठ, खा. तो खातो आणि परत झोपतो. देवदूत परत येतो, परत भाकर. एवढं झाल्यावर मग पुढचं ते डोंगरावरचं वारा, भूकंप, अग्नी आणि शेवटी हळू आवाज. आधी दोन जेवणं आणि दोन झोपा.

म्हणून कोरडे दिवस आले तर करायचं ते असं. जेवा, झोपा, औषधं चालू असतील तर चालू ठेवा. वाचायचं झालं तर 13वं स्तोत्र घ्या, ते सुरूच होतं किती काळ, परमेश्वरा, किती काळ, या प्रश्नाने. अगदीच वाईट असेल तर 88वं, ते तर शेवटी अंधारातच संपतं, उगाच गोड वळण नाही, आणि तरीही ते बायबलमध्ये आहे, कोणी काढून टाकलेलं नाही. देवावर चिडणं ही देखील त्याच्याशी बोलण्याचीच एक तऱ्हा आहे, अबोला धरण्यापेक्षा खूप बरी. आणि दुःख दोन-तीन आठवडे उतरतच नसेल, झोप-जेवण उडालं असेल, नको ते विचार येत असतील, तर पाळकांबरोबर डॉक्टरांकडेही जा, त्यात विश्वास कमी होण्यासारखं काहीही नाही.

वडील का गेले याचं उत्तर माझ्या वहीत नाहीये. डबे आहेत फक्त, नऊ.

या गोष्टींपासून जरा लांब

डोळे मिटून बायबल उघडायचं, बोट ठेवायचं आणि निघालेल्या ओळीवर नोकरी सोडायची की नाही ठरवायचं, हे करू नका, ते पोपटवाल्या ज्योतिषाचंच काम झालं, फक्त पोपटाच्या जागी आपण. पार्किंग मिळालं की प्रभूचा चमत्कार म्हणणाऱ्यांना मी तोंडावर काही बोलत नाही, आभार मानायला हरकत नाहीच, पण त्याच लक्ष्मी रोडवर दुसरा विश्वासू माणूस अर्धा तास फिरत असतो त्याचं काय. काळजी म्हणजे आपलं काम झालं असा हिशोब एकदा बसला की काम न होण्याच्या दिवशी देव पण जातो.

कोणी म्हणालं देवाने मला तुझ्याबद्दल सांगितलं की अमक्याशी लग्न कर किंवा अमुक रक्कम बी म्हणून पेर, दहापट येईल, तर हात जोडून घरी या. अर्पण द्या, मनापासून द्या, पण व्याज मोजायला लागलात की ती एफडी झाली.

इतरांच्या साक्षींशी स्वतःची तुलना नको. टिळकांचा बाप्तिस्मा 1895 मध्ये, लक्ष्मीबाईंचा त्यानंतर पाच वर्षांनी, एका घरातली दोन माणसं, नवरा-बायको, तरी वेग वेगळा. आणि जे घरात एकटेच विश्वासात आहेत त्यांच्यासाठी एक, देव्हाऱ्यावरून आईशी भांडण काढू नका. शेजारच्या खोलीत शांतपणे वही लिहा, तिच्या गुडघ्याला तेल चोळून द्या. ती बघत असते.

डबा दुसऱ्या दिशेने

येशू चिमण्यांबद्दल दोनदा बोलतो. मत्तयात दोन चिमण्या एका दमडीला, लूकमध्ये पाच चिमण्या दोन दमड्यांना. हिशोब करून बघा, मी अकाउंट्सवाली आहे म्हणून मला लगेच दिसलं, पाचवी चिमणी वर फुकट आलेली आहे, मंडईत कढीपत्ता टाकतात तशी. आणि तो म्हणतो त्यांतल्या एकीचाही देवाला विसर पडत नाही.

सहा-आठ आठवडे वही झाली की ही पायरी सुरू करा, आठवड्यातून एकदा एका पाचव्या चिमणीकडे जायचं. मोठं काही नको. ससून हॉस्पिटलच्या बाहेर गावाकडून आलेले नातेवाईक फुटपाथवर बसलेले असतात, त्यांना वॉर्ड सापडत नसतो, कागद वाचता येत नसतो, त्यांच्याबरोबर जाऊन रांगेत उभं राहायचं. सोसायटीतल्या एकट्या आजोबांचं लाईट बिल ऑनलाइन भरून द्यायचं आणि मग बसून त्यांची तीच गोष्ट चौथ्यांदा ऐकायची. जाताना एक पथ्य आहे, पत्रक घेऊन जाऊ नका, प्रवचन देऊ नका, विचारलं तर खरं सांगा, नाही विचारलं तर चहा प्या आणि या. कोणाच्या तरी वहीत तुम्ही एक ओळ होऊन जाल, ती वही तुम्हाला कधी दिसणार नाही.

वही भरली की

31 डिसेंबरला रात्री वॉचनाइटची उपासना असते, साडेदहा-अकराच्या सुमाराला सुरू होते आणि बाराला घंटा वाजते. त्या दिवशी संध्याकाळी मी वर्षाची वही काढते, चहा करून घेते आणि पहिल्या पानापासून वाचते. मध्ये गळालेले आठवडे असतात, असू दे, दर वर्षी असतात, गेल्या वर्षी तर पावसाळ्याचा अख्खा महिना कोरा. अक्षर लागत नाही कुठे कुठे. काही नावं वाचून ही कोण असा प्रश्न पडतो.

गेल्या वर्षीच्या वहीत मार्चमधली एक ओळ निघाली, मला अजिबात आठवत नव्हती. रात्री लाईट गेली. लिफ्ट बंद. चौथ्या मजल्यापर्यंत खालच्या काकू टॉर्च धरून मागून आल्या, त्यांचे गुडघे दुखतात तरी. मी पुढे होते म्हणून पायरी दिसत होती, त्या दिसत नव्हत्या.